दात नेमके टेकतात कुठे? चावा, हाय पॉइंट आणि जबड्याची कुरकूर

वरचीदाढ

दातदुखीच्या धाग्यावर 'कॅप बसवल्यापासून चावा बदललाय' आणि 'चावा बदलला की डोकेदुखी, मानदुखी, झोपेत दात खाणं सगळं मागे लागतं' अशी दोन विधानं एका दमात आली आणि मग तिथे जी जुंपली ती थांबेचना. (चावा म्हणजे वरचे-खालचे दात एकमेकांवर जसे बसतात ती ठेवण.) पहिलं विधान बहुतेक वेळा खरं असतं. दुसरं ज्या ठामपणे सांगितलं जातं, त्याला तेवढा आधार नाही. दोन्हींची गल्लत झाली की माणसं धडधाकट दात घासून घेतात, म्हणून हा वेगळा धागा. मी कॅप, ब्रिज, कवळी या शाखेतला दंतवैद्य आहे. इथे कुणाचं निदान करणार नाही, हे आधीच सांगून ठेवतो.

थोडी शरीररचना लागेल, कंटाळू नका. खालचा जबडा दोन्ही कानांच्या पुढ्यात एकेका सांध्याने कवटीला टांगलेला आहे. हाड एकच असल्यामुळे एक सांधा हलला की दुसऱ्याला गप्प बसता येत नाही. गालातला मॅसेटर, कानशिलावरचा टेम्पोरालिस आणि आतल्या अंगाचे दोन टेरिगॉइड हे स्नायू त्याला हलवतात. पण तोंड मिटताना जबडा शेवटी कुठे थांबणार, हे दात ठरवतात. वरच्या दाढांचे उंचवटे खालच्या दाढांच्या खाचांत बसले की जबडा तिथे पक्का होतो.

गंमत अशी की सांध्याला सोयीची जागा आणि दातांची ही पक्की बैठक बहुतेकांत एक नसते. उल्फ पॉसेल्ट या स्वीडिश दंतवैद्याने १९५२ मध्ये जबड्याच्या हालचालींच्या सीमा मोजून काढल्या. तेव्हापासून माहीत आहे की बहुसंख्य माणसांत या दोन जागांमध्ये साधारण एक मिलिमीटरचं अंतर असतं. सांध्याच्या सोयीने जबडा मिटला तर आधी एखाददुसरा दात टेकतो आणि मग जबडा किंचित पुढे सरकून बैठकीत येतो. म्हणजे अगदी काटेकोर व्याख्या लावली तर आपल्यापैकी बहुतेकांच्या तोंडात अडथळा आहेच, आणि त्यातले बहुतेक सुखाने जेवतायत.

आता अडथळा म्हणजे काय ते बघू. साधा प्रकार म्हणजे तोंड मिटताना एक दात बाकीच्यांच्या आधी लागतो. आम्ही त्याला हाय पॉइंट म्हणतो. दुसरा प्रकार हालचालीतला. दात टेकवून खालचा जबडा हळूच उजवीकडे सरकवून बघा. बऱ्याच जणांत उजवा खालचा सुळा वरच्या सुळ्याच्या आतल्या उतारावरून घसरतो आणि सगळ्या दाढा एकमेकींपासून सुटतात. काहींत सुळ्याबरोबर उजवीकडच्या दाढाही तो भार वाटून घेतात, तेही ठीक. पण त्याच वेळी डावीकडची एखादी दाढ मध्येच घासत असेल, तर ती अडवते आहे. वरच्या अक्कलदाढेला खाली जोडीदार नसला की ती हळूहळू उतरते आणि नेमकं हेच करते. जबडा पुढे काढताना मागची दाढ आधी लागणं हाही त्यातलाच प्रकार.

तोंड हे निमूट सोसत नाही. दाताचं मूळ आणि हाड यांच्यामध्ये जेमतेम ०.२ मिमी जाडीचा तंतूंचा पडदा असतो, त्यात दाब ओळखणाऱ्या चेतातंतूंची दाटी असते. समोरासमोरच्या नैसर्गिक दातांमध्ये २० मायक्रॉनच्या (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) आसपासचा थर आला तरी तो जाणवतो. डोक्याचा केस त्याच्या तिप्पट-चौपट जाड असतो. ही खबर लागली की जबडा आपली वाट बदलतो, त्या बाजूने चावणं आपोआप कमी होतं, तो दात दुखरा होतो, कधी हलायला लागतो, आणि नवं फिलिंग असेल तर त्याचा कोपरा उडतो.

इथपर्यंत दंतवैद्यांत फारसे मतभेद नाहीत. पुढे आहेत, ते प्रतिसादांत येतीलच.

शेवंती२

छान सुरुवात. वाचनखूण साठवली.

माझा साधा प्रश्न. दाढेचं फिलिंग झालं तेव्हा अर्धं तोंड बधिर होतं. निळा कागद चावायला लावला, 'ठीक वाटतंय का' विचारलं, मी मान हलवली. बधिरपणा उतरल्यावर तोच दात आधी लागायला लागला. फोन केला तर 'होईल सवय' असं उत्तर मिळालं. खरंच होते का सवय?

वरचीदाढ

शेवंती, कधी होते, कधी नाही. आणि ती व्हायची वाट बघावी का, हा खरा प्रश्न.

फिलिंगनंतर दोन-चार दिवस दात गार-गरम लागून शिवशिवणं वेगळं. ते आपलं आपण कमी होतं. पण तोंड मिटताना 'आधी हाच लागतो' हे स्पष्ट कळत असेल आणि चावताना कळ येत असेल, तर परत जायचं. काम पाच-दहा मिनिटांचं असतं, बहुतेक वेळा इंजेक्शनसुद्धा लागत नाही, कारण घासायचं असतं ते फिलिंग. त्यानंतर दुखरेपणा काही दिवसांत उतरतो. ठणका वाढत चालला किंवा रात्री झोपेतून उठवायला लागला, तर मात्र कारण चाव्यापलीकडे असू शकतं. मग नस तपासावी लागते.

बधिर तोंडाने दिलेल्या कौलावर विसंबणं ही मुळातली अडचण. गाल, जीभ, दात कशालाच पत्ता नसतो, त्यामुळे माणूस जबडा वाकडा मिटतो आणि 'हो, ठीक' म्हणतो. शिवाय आडवं झोपून चावलं की जबडा थोडा मागे जातो. म्हणून शेवटची तपासणी खुर्ची सरळ करून, पेशंटला ताठ बसवून करायची. घाईच्या दवाखान्यात हे राहून जातं.

ती तपासणी नीट कशी दिसते ते सांगतो, म्हणजे पुढच्या वेळी खुर्चीवर बसल्या बसल्या तुम्हालाच कळेल. दात आधी कोरडा करायचा, ओल्या दातावर कागदाचा रंग धरत नाही. चिमट्यात रंगीत कागद धरून दोन-तीनदा नुसतं टकटक मिटायला सांगायचं. मग दुसऱ्या रंगाचा कागद घेऊन दात टेकवून उजवीकडे, डावीकडे, पुढे सरकवायला लावायचं. आता दाढेवर दोन रंगांचे ठिपके दिसतात, आणि सर्वात मोठा गडद डाग म्हणजे सर्वात उंच जागा, असं वाटतं. तिथेच फसगत आहे. दाब फार असेल तिथे कागदाचा रंग बाजूला ढकलला जातो, त्यामुळे मधोमध फिकट आणि भोवती रंगाची कडा असा गोल उमटतो. पुष्कळदा गुन्हेगार तो असतो, शेजारचा ठसठशीत डाग नव्हे. तिथे बारीक बर (घासायच्या यंत्राचं टोक) किंचित टेकवायचा, पुसायचं, कोरडं करायचं, पुन्हा कागद. शेवटी पॉलिश, नाहीतर खरखरीत जागा समोरच्या दाताला खाते.

सवयीबद्दल: मऊ फिलिंग थोडं झिजतं, दातही आपल्या पडद्यात जरासा दबून-सरकून जागा करून घेतो. पण झिर्कोनियाची, म्हणजे अतिशय कठीण सिरॅमिकची, कॅप असली तर तिच्या झिजण्याची आशा धरू नका.

यंत्रवेडा

दंतवैद्यक माझं क्षेत्र नाही, मोजमाप आहे. २० मायक्रॉन जाणवतात म्हणता आणि तपासता १०० मायक्रॉनच्या कागदाने? उपकरणाची जाडीच त्रुटीच्या पाचपट!

वरचीदाढ

रास्त शंका. जाड कागद २०० मायक्रॉनपर्यंतही मिळतो, आणि तो वापरला की न टेकणारे भागसुद्धा रंगून येतात. म्हणून शेवटच्या टप्प्यात पातळ घ्यायचा, ४० किंवा १२ मायक्रॉनचा. त्यापुढची पायरी म्हणजे ८ मायक्रॉनची धातूची पट्टी, शिमस्टॉक. तिच्यावर रंग नसतो. दातांमध्ये ठेवून चावायला सांगायचं आणि ओढायची. अडकली तर दात टेकतायत, सुटून आली तर नाहीत. नवी कॅप घातल्यावर तिच्याखाली पट्टी अडकली पाहिजे, आणि कॅप घालण्याआधी शेजारच्या दातांत जिथे जिथे ती अडकत होती तिथेही अजून अडकली पाहिजे. शेजारी सुटायला लागली की समजायचं, कॅप उंच आहे.

संगणकाला जोडलेला दाबमापक पडदाही असतो. टी-स्कॅन नावाचा १९८०च्या दशकात आला. कुठला दात आधी टेकला, भार कुणावर किती टक्के, हे तो क्रमाने दाखवतो, आणि ते कागदाला जमत नाही. पण तो पडदा स्वतःच १०० मायक्रॉनच्या घरातला आहे. तुमचा आक्षेप तिथेही लागू.

यंत्रवेडा

म्हणजे सर्वात चांगला सेन्सर पेशंटच्या तोंडातच बसवलेला आहे, आणि तपासणीआधी तुम्ही तो बधिर करता. :)

जुनंखोड

नमस्कार. मी सुद्धा याच व्यवसायातला, खुर्चीमागे आयुष्य गेलं. धागाकर्त्याचा 'दुसऱ्याला आधार नाही' हा सूर पटला नाही.

आमची पिढी ज्या शाळेत शिकली तिचा पाया कॅलिफोर्नियात मॅककॉलम आणि मंडळींनी १९२०च्या दशकात घातला. जबड्याची गती मोजा, ती आर्टिक्युलेटरवर (दातांचे साचे बसवून जबड्याची हालचाल करून बघायचं यंत्र) उतरवा, सांधा आणि दात यांचा मेळ घाला. १९३४ मध्ये कॉस्टेन या कान-नाक-घसा तज्ज्ञाने दाढा गेलेल्या रुग्णांतल्या कानाच्या आणि सांध्याच्या तक्रारी खचलेल्या चाव्याशी जोडल्या. १९६१ मध्ये रॅम्फिऑर्डने स्नायूंच्या विद्युत नोंदी घेऊन दात खाण्याचा संबंध चाव्यातल्या अडथळ्याशी लावला. हे सगळे काय भोळे होते? मी स्वतः चावा समतोल करून दिल्यावर डोकेदुखी थांबलेले रुग्ण पाहिले आहेत. नजरेने पाहिलेलं नाकारू कसं?

साशंक

जुनंखोड यांच्या अनुभवाबद्दल आदर आहे. पण थांबलेली डोकेदुखी घासण्याने थांबली, की तिची तीच थांबायची होती, हे खुर्चीमागून कसं कळणार? कुणी मुद्दाम अडथळा लावून पाहिलाय का?

वरचीदाढ

साशंक, पाहिलाय, आणि अनेकदा. जुनंखोड सर, सविस्तर लिहितो, रागावू नका.

निरोगी स्वयंसेवकांच्या दाढेवर मुद्दाम उंच तुकडा बसवायचा आणि काय होतं ते बघायचं, हे प्रयोग गेल्या शतकात बरेच झाले. ग्लेन क्लार्क आणि सहकाऱ्यांनी १९९९ मध्ये अशा ६८ वर्षांतल्या प्रयोगांचा एकत्र आढावा घेतला. त्यातून निघालं ते असं: तो दात दुखरा होतो, कधी सैल होतो, चावण्याची ढब बदलते, स्नायूंच्या ताणात किंचित फरक पडतो. हे सगळं मी वर लिहिलंच आहे. पण त्यातून सांध्याचा टिकाऊ आजार उभा राहतो किंवा दात खाणं सुरू होतं, असं खात्रीने दाखवता आलं नाही.

दात खाण्याबद्दलचा १९८४ मधला प्रयोग तर उलटाच निघाला. मुद्दाम अडथळा करणाऱ्या कॅप बसवल्यावर बहुतेकांचं रात्रीचं दात खाणं काही काळ कमी झालं. २००५ मध्ये इटलीतल्या एका गटाने निरोगी तरुणींच्या दाढेवर सोन्याची पातळ पट्टी चिकटवून दिवसभरातली मॅसेटरची हालचाल नोंदवली. ती घटली. दुखऱ्या जागेवर आपण जोर देत नाही, तसंच. आज झोपेतलं दात खाणं हे मुख्यतः मेंदूकडून, झोपेतल्या सूक्ष्म जागेपणाच्या लहरींतून येतं असं मानलं जातं. काही नैराश्यविरोधी औषधांनीही ते वाढू शकतं. सुळ्याचा उतार घासून ते थांबेल ही अपेक्षाच चुकीच्या दारात उभी आहे.

आणि उपचाराच्या बाजूने बघायचं तर जबड्याच्या सांध्याच्या दुखण्यासाठी नैसर्गिक दात घासून चावा 'सुधारण्याचा' फायदा कॉक्रेन या वैद्यकीय पुराव्यांचे आढावे घेणाऱ्या संस्थेच्या २००३ मधल्या आढाव्यात दिसला नाही. त्याआधी १९९६ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेने भरवलेल्या परिषदेनेही सांगितलं होतं की परत फिरवता येणार नाहीत असे उपचार या दुखण्यात टाळा. घासलेलं इनॅमल, म्हणजे दाताचं वरचं कठीण आवरण, पुन्हा उगवत नाही, आणि दाढेच्या उंचवट्यावर ते जास्तीत जास्त अडीच मिमी असतं. साशंक म्हणतात तो मुद्दा इथे फार महत्त्वाचा आहे. हे दुखणं चढ-उताराचं असतं. पेशंट येतो ते चढ असताना. मग तुम्ही काहीही केलंत तरी पुढे उतार येण्याची शक्यता जास्त.

एक गोष्ट मात्र सरांच्या बाजूची. फिनलंडमधल्या संशोधकांनी खोटे अडथळे दोन प्रकारच्या स्त्रियांत लावले, पूर्वी सांध्याचं दुखणं झालेल्या आणि कधीच न झालेल्या. दुखणं होऊन गेलेल्यांना त्या अडथळ्याशी जुळवून घेणं जड गेलं, त्यांची लक्षणं वाढली. म्हणून नवी कॅप थोडी उंच राहिली तर 'काय बिघडतंय' म्हणणं चूकच. कुणाच्या तोंडात बसवतोय ते आधी विचारावं.

मला वाटतं सगळी मेख 'नवा' या एका गोष्टीत आहे. तीस वर्षं तोंडात असलेला वाकडा चावा शरीराने कधीच हिशेबात धरलेला असतो. काल आलेले ५० मायक्रॉन नसतात.

जुनंखोड

रागावलो नाही. अभ्यास वाचलेत हे चांगलं केलंत. पण एक त्रुटी तुम्हीही झाकू नका. त्या प्रयोगांत अडथळा ठेवला किती दिवस? काही दिवस, फार तर काही आठवडे, आणि तेही तरुण, निरोगी माणसांत. माझ्याकडे येणाऱ्या माणसाच्या खालच्या दाढा वीस वर्षांपूर्वी गेलेल्या, वरच्या लोंबून खाली आलेल्या, शेजारच्या आडव्या झालेल्या. त्या तोंडाचं उत्तर आठ दिवसांच्या प्रयोगातून कसं काढणार?

दुसरं, हिरड्यांचं. चावताना वरच्या दातावर बोट ठेवा. थरथर लागत असेल तर तो दात मार खातोय. हाड कमी झालेल्या तोंडात मी अशा दाताचा भार काढतो आणि काढणारच.

वरचीदाढ

पहिला मुद्दा बिनशर्त मान्य. वर्षानुवर्षांचा प्रयोग कुणी करू शकत नाही, नैतिकदृष्ट्याही नाही. त्या माणसाला दाढा हव्यातच, आणि त्या बसवताना लोंबलेली वरची दाढ कमी करावीच लागते, नाहीतर नव्या दाताला जागाच नाही. माझा आक्षेप तिथे नाहीच. सगळे दात जागेवर असलेल्या, मान दुखते म्हणून आलेल्या माणसाचे सुळे घासण्यावर आहे.

दुसऱ्यावरही फारसं भांडण नाही. फक्त वाचणाऱ्यांसाठी: जास्तीच्या भाराने दात सैल होतो, पण हिरडीचा आजार त्यामुळे सुरू होतो असा पुरावा नाही. २०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जागतिक वर्गीकरणातही हेच म्हटलंय. आधी जंतूंचा थर आणि दाह आटोक्यात, मग भाराचं बघायचं. क्रम उलटा केला की दात वाचत नाही.

चिमण्यांचीआई

मोठ्यांचं चाललंय त्यात मुलांचं घुसवते. माझा मुलगा पाच वर्षांचा. तोंड मिटलं की हनुवटी डावीकडे जाते. तोंड उघडलं की सरळ दिसते. दूधदात पडणारच आहेत म्हणून थांबावं का? की मी उगाच घाबरतेय?

तारकर

ताई, उगाच नाही, नीट पाहिलंत तुम्ही. मी तारा लावणारा, म्हणून या बाबतीत बोलतो.

घरीच एक करा. त्याला समोर बसवून तोंड अर्धवट उघडायला सांगा आणि वरच्या दोन मधल्या दातांमधली फट व खालच्या दोन मधल्या दातांमधली फट एका रेषेत आहेत का बघा. आता अगदी हळू मिटायला सांगा. शेवटच्या क्षणी खालची फट एका बाजूला सरकली, तर त्याचा जबडा सरळ येतो, कुठलातरी दात, या वयात बहुधा दुधाचा सुळा, आधी लागतो, आणि बैठक मिळावी म्हणून जबडा बाजूला सरकतो. त्या बाजूच्या खालच्या दाढा मग वरच्यांच्या बाहेर येतात. मुळात वरचा जबडा थोडा अरुंद असणं हे कारण बरेचदा असतं. अंगठा चोखणं, तोंडाने श्वास घेणं यांचाही त्यात हात असू शकतो.

दूधदात पडायची वाट बघू नका, एवढंच सांगतो. सहाव्या वर्षाच्या आसपास पहिल्या कायमच्या दाढा येतात आणि जबडा सरकत असेल तर त्याही उलट्या बसायची शक्यता राहते. लवकर पाहिलं तर कधी नुसता दुधाचा सुळा किंचित घासून भागतं, कधी वरचा जबडा रुंद करणारी प्लेट लागते. घासण्याला वरचीदाढ यांचा एवढा विरोध, पण इथे तो दात पडणारच आहे.

वरचीदाढ

+१. इथे विरोध नाही.

रातराणी

लिहू की नको करत होते. एका कॅपपासून सुरू झालं. ती कमी केली, मग समोरचा दात घासला, मग दुसरी बाजू टेकत नाही म्हणून तिथे भर घातली. वेगवेगळे डॉक्टर झाले. कागदावर सगळं ठीक येतं म्हणतात. मला मात्र दिवसभर दात कुठे ठेवावेत तेच कळत नाही, सतत जीभ तिथेच जाते. घरचे म्हणतात मनाचे खेळ आहेत. हे कशातच बसत नाही का?

वरचीदाढ

बसतं, रातराणी, आणि त्याला नावही आहे. जोसेफ मार्बाख यांनी १९७६ मध्ये त्याला 'फँटम बाईट' म्हटलं. आता चाव्याची विपरीत जाणीव अशा अर्थाची संज्ञा वापरतात. 'मनाचे खेळ' हा शब्द चुकीचा आहे. जाणीव खरी असते. फरक एवढाच की दातांकडून येणारी खबर साधी असते आणि ती वाचणारी यंत्रणा अतिसावध झालेली असते. सतत तपासत राहिल्याने ती आणखी सावध होते.

निदान मी इथून करणार नाही. पण एक गोष्ट ठामपणे सांगतो, आता दातांवर काहीही घासणं किंवा भरणं थांबवा. प्रत्येक बदल म्हणजे त्या यंत्रणेला नवं काम. जबड्याचं आणि चेहऱ्याचं दुखणं बघणारे दंतवैद्य असतात, त्यांच्याकडे सगळ्या जुन्या नोंदी घेऊन जा. लक्ष दुसरीकडे वळवण्याच्या आणि विचारांवर काम करण्याच्या पद्धती, काही वेळा औषधं, यांचा उपयोग होतो. घरी करण्यासारखं एकच: दात टेकलेले नसणं हीच जबड्याची विश्रांतीची स्थिती आहे. ओठ मिटलेले, दातांमध्ये दोन-चार मिमी फट, जीभ सैल. चावणं आणि गिळणं धरून दिवसभरात दात टेकतात तो सगळा वेळ अर्ध्या तासाच्याही आत येतो. तेव्हा दात 'कुठे ठेवावेत' याचं उत्तर बऱ्याच अंशी 'कुठेच नाही' असं आहे.

शेवंती२

रातराणी, मोकळेपणाने लिहिलंत, बरं केलंत. घरच्यांना हा प्रतिसाद वाचायला द्या.

साशंक

पण मग एकदम चावा बदलला आणि दातावर काहीच काम झालेलं नाही, असं झालं तर? तेही 'थांबा, सवय होईल' मध्ये येतं का?

वरचीदाढ

नाही, तिथे अजिबात थांबू नये. जबड्याला मार लागल्यावर दात जुळेनासे झाले तर फ्रॅक्चर बघायला हवं. सांध्यात सूज किंवा बाजूच्या स्नायूचा आकडा आला तर एका रात्रीत मागच्या दाढा टेकेनाशा होतात. हळूहळू, महिनोन्‌महिने पुढचे दात उघडत चालले तर सांध्याचं हाड झिजतंय का ते तपासावं लागतं, संधिवातात ते होऊ शकतं. खालचा ओठ बधिर वाटत असेल तर त्याच आठवड्यात दाखवा.

आणि कारण कधी कधी आपणच तोंडात घालतो. फक्त पुढच्या दातांवर बसणारी छोटी नाइटगार्ड (रात्री दातांवर घालायचं आवरण) दीर्घकाळ, देखरेखीविना वापरली की मागचे दात उतरतात आणि पुढचे उघडे पडू शकतात. घोरण्यासाठी जबडा पुढे ओढून ठेवणारं उपकरण वापरणाऱ्यांना सकाळी काही वेळ चावा जुळत नाही. तो पुढे सरकलेला राहायला लागला तर डॉक्टरांना सांगा. दात खाणाऱ्यांसाठी पूर्ण दंतपंक्ती झाकणारी कडक गार्ड बरी. ती दात खाणं थांबवत नाही, दात वाचवते.

मिहिरा

अवांतर नसावं बहुतेक: पुढच्या चार कॅप बसवल्या आणि तेव्हापासून 'स' म्हणताना शिट्टी वाजते. हाही चाव्याचाच भाग का?

वरचीदाढ

शेजारचाच. 'स' म्हणताना वरचे आणि खालचे पुढचे दात साधारण एक मिमीवर येतात, टेकत नाहीत, आणि त्या फटीतून हवा जाते. कॅपची लांबी किंवा आतली जाडी बदलली की ती फट बदलते. जीभ बरंचसं जुळवून घेते, थोडे आठवडे मोठ्याने वाचन करा. तरी शिट्टी राहिली तर आतल्या बाजूने जरा काम करून घ्या. पक्की चिकटवण्याआधी कॅप तात्पुरत्या लावून बोलून बघणं हा याचा खरा इलाज, पण ती गाडी गेली.

यंत्रवेडा

शेवटची शंका. इम्प्लांटला, म्हणजे हाडात बसवलेल्या कृत्रिम मुळाला, तो तंतूंचा पडदा नसतो ना? मग तिथे सेन्सरच नाही?

वरचीदाढ

बरोबर पकडलंत. इम्प्लांट हाडात थेट घट्ट असतो. नैसर्गिक दात दाबाखाली २५ ते १०० मायक्रॉन आत दबतो, इम्प्लांट जेमतेम ३ ते ५. जाणीव हाडातून, सांध्यातून येते, पण ढोबळ. म्हणून हलकं मिटल्यावर इम्प्लांटवरची कॅप अगदी जेमतेम टेकेल किंवा किंचित सुटेल, आणि जोरात चावल्यावर शेजारचे दात दबून सगळे एकदम लागतील, अशी ती बसवण्याचा प्रघात आहे. हलक्या चाव्यात शिमस्टॉक सुटून येते, जोराच्या चाव्यात अडकते. उंच राहिलेला इम्प्लांट दुखून तक्रार करत नाही, त्याचा स्क्रू सैल होतो किंवा पोर्सेलिनचा टवका उडतो. त्यामुळे तो दरवर्षी तपासायचा.

जुनंखोड

यात कवळी राहिली. नैसर्गिक दातांत चावत नसलेल्या बाजूची दाढ टेकली तर आपण तिला अडथळा म्हणतो. पूर्ण कवळीत तीच दाढ मुद्दाम टेकवावी लागते, नाहीतर एका बाजूने चावलं की दुसऱ्या बाजूने कवळी उचलली जाते. विद्यार्थ्यांचा इथे दरवर्षी गोंधळ व्हायचा.

वरचीदाढ

आणि हिरडीवर बसलेली कवळी दबते-सरकते, म्हणून तिचा चावा तोंडात कागदाने तपासला की खुणा फसव्या येतात. जमेल तेव्हा जबड्याची नोंद घेऊन आर्टिक्युलेटरवर चढवूनच घासावी. सर, यावर तुम्हीच वेगळा धागा काढा, मी तिथे प्रश्न विचारायला येतो.

जुनंखोड

काढतो. आधी टंकायला शिकतो.